भिंतीकडे केलेलं नाव

दादा, तुम्ही रंगवून दिलेली ट्रंक अजून माझ्याकडे आहे. तुम्हाला जाऊन सोळा वर्षं झाली, आणि मी आता बहरीनमध्ये आहे, जहाजं दुरुस्त करतात त्या यार्डात फिटर. आज शुक्रवार, सुट्टी. जिदहफ्सच्या या फ्लॅटमध्ये माझ्यासोबत राहणारे पुण्याचे अकाउंटंट बाजारात गेलेत. तासाभरात परत येतील, आणि आले की मला त्यांच्या एका प्रश्नाचं उत्तर द्यायचंय. तोवर तुमच्याशी बोलतो. जिन्यात पाऊल वाजलं की हात थांबतो, म्हणून अक्षर असं आलंय. तुम्हाला वाकडं अक्षर खपत नसे.

तुम्ही एसटीच्या डेपोत गाड्यांच्या पाट्या रंगवत होतात. मी आयटीआयला निघालो त्या सकाळी ट्रंकेवर खडूनं नाव काढून ठेवलं होतं, माझं आणि पुढे तुमचं, बस. तुम्ही डेपोतून आलात, उभ्यानंच वाचलंत आणि विचारलंत, "पुढचं कुठंय?" मी म्हटलं, "हॉस्टेलवर विचारतात पोरं." विचारतात म्हणजे काय, ते तुम्हाला सांगायची गरज नव्हती. आपलं आडनाव कानावर पडलं की समोरच्याला जात कळते आणि तो क्षणभर थांबतो, हे तुम्ही जन्मभर बघितलं होतं. दीक्षा घेतलीत, घरातले देव नदीत सोडलेत, पण आडनावाला हात लावला नाहीत. त्या दिवशीही तुम्ही ओरडला नाहीत. ब्रश काढलात, डबा उघडलात आणि म्हणालात, "गाडीवर गावाचं नाव अर्धं लिहिलं तर माणसं चुकीच्या गाडीत बसतात." मग पांढऱ्या ऑइलपेंटनं तिन्ही शब्द काढलेत, शेवटचा जरा मोठाच. आई भाकरी थापता थापता म्हणाली, "जरा बारीक तरी काढायचं." तुम्ही म्हणालात, "लांबून वाचता आलं पाहिजे." रंग वाळेपर्यंत मला निघू दिलं नाहीत. माझी एक गाडी चुकली त्यापायी, आणि मी तुमच्यावर चिडलो होतो.

इथं आडनावावाचून माझं काही अडलं नाही. पासपोर्ट काढताना तो रकाना मी कोरा सोडला. इथल्या लोकांत माणसाचं नाव, मग बापाचं, मग आजोबांचं, अशी रीत, त्यामुळे रेसिडेंट कार्डावर माझं नाव आणि तुमचं नाव एवढंच पाहून कुणाला नवल वाटलं नाही. टाइमकीपर रोज कार्डावरचा शेवटचा शब्द पुकारतो, म्हणजे तुम्हालाच हाक मारतो, आणि मी हात वर करतो. मराठी माणसांनी मात्र विचारलंच. त्यांना मी हसून सांगतो, "आडनाव पासपोर्ट ऑफिसनं खाल्लं." तेही हसतात आणि विषय संपतो. दोन वर्षं असंच चाललंय. ट्रंक कॉटखाली आहे, नावाची बाजू भिंतीकडे. अकाउंटंट चांगले आहेत हो. मला ताप आला तेव्हा तीन दिवस त्यांनी मऊ भात करून घातला. तेव्हाही माझ्या मनात एकच, की यांना कळलं तर हे भांडं वेगळं ठेवतील का?

या हिवाळ्यात यार्डात एक जपानी इंजिनिअर आलेत, पंप बसवून घ्यायला. साठी उलटलेले, थोडकं बोलणारे. चहाच्या सुट्टीत त्यांनी माझं कार्ड पाहिलं आणि मोडक्या इंग्रजीत विचारलं, "घराण्याचं नाव?" मी नेहमीचा विनोद केला. ते हसले नाहीत. म्हणाले, आमचंही वडिलांनी बदललं होतं. ते मूळचे ओकिनावाचे, जपानच्या दक्षिण टोकाच्या बेटांवरचे. महायुद्धाच्या आधी त्यांचे वडील ओसाकाच्या गिरणीत कामाला गेले, तर नाव सांगितलं की खोली मिळेना. तेव्हा त्यांनी लिहायची अक्षरं तीच ठेवली आणि उच्चार राजधानीकडच्या लोकांसारखा करून घेतला. मग ते बेटावरच्या आपल्या शाळेचं सांगू लागले. घरची भाषा तोंडातून निघाली की गुरुजी लाकडी पाटी गळ्यात अडकवायचे. ती उतरवायची एकच वाट होती, घरच्या भाषेत बोलणारा दुसरा कुणी पकडायचा. "मी एकदा मित्राच्या पायावर मुद्दाम पाय दिला," ते म्हणाले. "जोरात दिला. दुखल्यावर माणूस आईच्या भाषेतच ओरडतो. तो ओरडला. मी पाटी त्याच्या गळ्यात घातली." कप खाली ठेवून ते पुढे म्हणाले, "गुरुजींचं नाव विसरलो. तो पाय विसरलो नाही." मला त्यांची कीव आली. बिचारा म्हातारा, असं मी मनाशी म्हटलंसुद्धा.

गेल्या शुक्रवारी जनाबियाला एका बँकवाल्या साहेबांच्या व्हिलावर मराठी मंडळींचं जेवण होतं. आमच्या यार्डात नवे लागलेले एक इलेक्ट्रिशियनही आले होते, चाळिशीचे, माझ्याच वयाचे. सनद भागात कुणाच्या तरी खोलीत जमिनीवर झोपतात. आमच्या फ्लॅटमध्ये एक कॉट रिकामी आहे, ती त्यांना द्यायची असं अकाउंटंटांनीच ठरवलं होतं. पंगत बसली. गप्पांत अकाउंटंट माझ्याकडे वळून म्हणाले, "दोन वर्षं झाली राव, तुमचं आडनाव काही आम्हाला कळलं नाही. आज सांगूनच टाका." सगळे माझ्याकडे बघायला लागले. विनोद आठवेना. आणि मी त्या इलेक्ट्रिशियनकडे वळून म्हणालो, "माझं राहू द्या हो, पाहुण्यांचं होऊ दे आधी. तुमचं पूर्ण नाव काय म्हणालात?"

त्यांनी हातातला घास ताटात ठेवला आणि तिन्ही शब्द स्वच्छ सांगितले. शेवटचा शब्द आपलाच होता, दादा. आपलंच आडनाव. कुणीतरी "अच्छा, अच्छा" म्हणालं, कुणी पापड पुढे केला. वाईट कुणीच बोललं नाही. माझं आडनाव विचारायचं मात्र सगळे विसरले. निघताना ते दारात चपला घालत होते, मला हळूच म्हणाले, "तुमच्या बोलण्यावरून आपल्याकडचे वाटलात." मी म्हटलं, "छे, मी लहानपणापासून बाहेरच." दुसरी चप्पल घालून ते म्हणाले, "असू द्या." त्यांनी मला ओळखलं होतं; मनात आणलं असतं तर तिथंच सगळ्यांसमोर उघडं पाडलं असतं. त्यांनी ते केलं नाही. गाडीत अकाउंटंट म्हणाले, "त्यांना सनदलाच बरं पडेल, नाही का? तरी विचार करून पुढच्या शुक्रवारी सांगा, भाडं तर आपण दोघंच भरतोय." मी मान हलवली. कशी हलवली ते मलाच कळलं नाही.

हा आठवडा मी त्या जपानी माणसाच्या नजरेला नजर दिली नाही. त्याच्या गळ्यात निदान गुरुजींनी पाटी घातली होती. माझ्या गळ्यात कुणीच घातली नव्हती, मी ती आपणहून वागवत होतो आणि संधी मिळताच आपल्याच माणसाला देऊन मोकळा झालो. मला लाज वाटते, दादा, आणि लाजेपेक्षा भीती जास्त वाटते. कॉट त्यांना द्या म्हणायचं तर का ते सांगावं लागेल. नुसतं द्या म्हटलं, तरी ते रोज माझ्यासमोर बसून जेवतील, आणि त्यांना सगळं माहीत आहे.

खाली अकाउंटंटांचा आवाज ऐकू येतोय, वॉचमनशी बोलतायत, "यल्ला, यल्ला", म्हणजे चला चला, म्हणतायत. हा कागद मी ट्रंकेतच ठेवणार, दुसरीकडे कुठे पाठवू? मघाशी ट्रंक बाहेर ओढून, फिरवून परत कॉटखाली ठेवली. नाव आता दाराकडे आहे, रंग कुठंही उडालेला नाही, लांबून वाचता येतं. पण तुमच्यापासून काय लपवायचं, कॉटवरची चादर मी फरशीपर्यंत खाली सोडली आहे.