डावा गाल

६ जाने.
आज हॉस्पिटलच्या कोडिंग टेबलावर परत एक तशीच फाइल. गालावर मुका मार, डावीकडे, डोळ्याच्या खाली. कारण म्हणून डॉक्टर मॅडमनी लिहिलंय, बाथरूममध्ये घसरला. जखमेचा कोड एस ००.८, कारणाचा डब्ल्यू १८, म्हणजे पडणे. टाकला, फाइल विम्याकडे रवाना. या आठवड्यातला तिसरा माणूस. तिघंही कुम्हारीच्या कारखान्यातल्या एकाच ठेकेदाराचे. शेजारच्या टेबलवरच्या रेखाला म्हटलं, कुम्हारीत बाथरूमं फारच निसरडी दिसतात. दोघी हसलो.
संध्याकाळी घरी येताना खुर्सीपारला उतरले आणि आठवलं, आपला धाकटा भाऊ नितीन पण त्याच ठेकेदाराकडे आहे.

७ जाने.
जेवताना नितीनला विचारलं. पेशंटचं नाव घेतलं नाही. हा भात कालवत आरामात सांगतो, "मालाच्या बंडलवर ताणून बांधलेली लोखंडी पट्टी कापली का ताण सुटते ताई, अन् टोक उसळते. डाव्या गालाले बसते. डोळा वाचला तं झालं." आणि फेस शील्ड? "एक हाय. ऑडिटच्या दिवशी निघते."
तो स्वतः लोडिंगला आहे, पट्टी कापायला नाही. नशीब.

९ जाने.
तिसरा माणूस परत आला. डाव्या डोळ्याने धूसर दिसतं, रायपूरला पाठवला. कारण तेच.
मॅडमच्या केबिनमध्ये गेले. आम्ही डॉक्टरांनी लिहिलं तेवढंच कोड करायचं, आपल्या मनाने काही टाकायचं नाही. शंका विचारता येते, ती विचारली. म्हणाल्या, "मेरे पूछने से पहले ही बोल देते हैं, बाथरूम में फिसल गया. पीछे सुपरवाइज़र खड़ा रहता है. मरीज़ खुद बोलेगा तो मैं लिख दूँगी." चिडल्या नाहीत, थकलेल्या वाटल्या.
खरा कोड डब्ल्यू २०, उडालेल्या वस्तूचा मार. तो कोड विम्याकडे गेला की कारखान्यात चौकशी लागते. मी डब्ल्यू १८ टाकला.

१० जाने.
रायपूरला पाठवलेल्या त्या माणसाच्या जागी नितीनला उभं केलंय. सुपरवायझरने भरवसा टाकला म्हणून स्वारी खूश. मी म्हटलं, नको जाऊस.
"कावून घाबरून राहिली तू? मी का लेकरू हावो?"
भीती वाटते, एवढंच. दिवसभर फाइल उघडली की आधी नाव बघते.

१५ जाने.
नाव आलं.
वय चोवीस, डावा गाल, मुका मार, बाथरूममध्ये घसरला. मी वरच्या मजल्यावर, आणि तो खाली कॅज्युअल्टीत दाखवून निघूनही गेला. बहिणीला एक फोन नाही.
आमच्या बाथरूमची फरशी खडबडीत आहे. आई पडू नये म्हणून बाबांनी मुद्दाम घातलेली. टाच खरवडते, घसरणार कोण?
घरी आले तर गालाला हळद लावून बसलेला. आईलाही बाथरूमच सांगितलं. ती बिचारी ब्रश घेऊन तासभर फरशी घासत बसली होती. मला रडूच आलं.
मागच्या अंगणात नेऊन म्हटलं, डॉक्टरांना खरं सांग.
"सांगतलं तं उद्या गेटपास बंद. अन् पट्टीवर दुसरा कोनी उभा राहीनच ना."
सूज डोळ्यापासून बोटभर खाली आहे. फक्त बोटभर.

१६ जाने.
त्याची फाइल अडवून ठेवली. कारणाचा रकाना कोरा. सुपरवायझरचे बिलिंगला सारखे फोन, फाइल क्यों अटकी है? रेखा म्हणते, डब्ल्यू १८ टाकून मोकळी हो ना. टाकला तर तो परत पट्टीवर, डोळ्याचं काय होईल कोण जाणे. नाही टाकला तर कोणी अडवली ते विचारतील, आणि आमचं आडनाव एकच. जेवण गेलं नाही.
उद्या मॅडमनी त्याला परत तपासायला बोलावलंय. त्यांना एवढंच म्हटलं, तो माझा भाऊ आहे.

१७ जाने.
हे केबिनबाहेर बाकावर बसून लिहितेय. डायरी पर्समध्येच होती.
मॅडमनी आज सुपरवायझरला बाहेर थांबवलं. समोरच्या खुर्चीवर बसलाय, मोबाइल बघतोय. नितीन आत एकटा. आत जाताना माझ्याकडे पाहिलं नाही त्याने.
दार पुरतं लागलेलं नाही. मॅडमचा आवाज येतोय. "कैसे लगा, नितिन?"
बाकीचे तर विचारायच्या आधीच सांगून टाकायचे.
हा गप्प आहे. सुपरवायझरने मोबाइल खाली ठेवला. तोही आता दाराकडे बघतोय.
नितीनच्या तोंडून 'बाथरूम' अजून आलेलं नाही.