चाळीस मिनिटं मागचं सूप

४ मार्च, सोमवार, सकाळी ७
धाकट्या भावाचा फोन. रविवारी सकाळी येतोय, दोन दिवस राहणार. तीन वर्षांत पहिल्यांदा. आईचं आजारपण मी त्याला वेळेवर कळवलं नाही, तो पोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं, तेव्हापासून त्याने बोलणं टाकलं. आजचा फोनही बायकोला, हिलाच आला. मी शेजारी उभा होतो, तेवढाच सहभाग.

निश्चय: रविवारी त्याला आईच्या हातचं सूप प्यायला घालायचं. तसं सूप नव्हे, तेच. कालपाकशास्त्राने. शास्त्र माझंच. शाळेच्या प्रयोगशाळेत बावीस वर्षं सहायक आहे, परीक्षानळ्या धुता धुता माणूस विचार करतोच. सिद्धांत सोपा आहे. चव म्हणजे पदार्थात मुरलेला वेळ. वेळ आत ढकलता येतो, तर मागे ओढताही आला पाहिजे. पहिल्या घोटाला धाकटा भांडणाआधीच्या दिवसांत पोचणार. मग भांडण उरतंच कुठे?

५ मार्च, मंगळवार
पहिला प्रयोग. गाजर, बटाटा, कांदा. प्रयोगशाळेतला थर्मामीटर आणला (धुऊन). त्र्याऐंशी अंशांवर वेळ सुटा होतो असा माझा अंदाज. सूप पाणचट. लेक म्हणाली, बाबा, यात गाजराने नुसती आंघोळ केलीये. नववीत आहे, पण शास्त्राचं गांभीर्य शून्य.

६ मार्च, बुधवार
शोध लागला! पातेलं मागे जायला बघतं आणि भिंतीवरचं घड्याळ त्याला पुढे खेचतं. स्वयंपाकघरातलं घड्याळ चाळीस मिनिटं मागे केलं. लगेच ओळखीचा वास. ही म्हणाली, करपलंय.

७ मार्च, गुरुवार
घड्याळामुळे लेकीची बस चुकली. ही जाम भडकली. घड्याळ नीट करा म्हणाली, करतो म्हणालो. केलं नाही. रविवारपर्यंतचाच तर प्रश्न आहे. मोबाइललाही आता स्वयंपाकघरात बंदी. त्यातला खरा वेळ पातेल्यात पाझरतो.

रात्रीची भांडी घासताना ही म्हणाली, सूपबिप राहू द्या, भावजींना खरं काय ते सांगून टाका. खरं काय म्हणजे? फोन लागत नव्हता, हे मी त्याला तेव्हाच सांगितलंय. न लावलेला फोन लागत नाहीच.

९ मार्च, शनिवार
ही वही कोण वाचतंय, म्हणून लिहितो. तेव्हा मी आईसाठी ‘त्रिदिनी सूप’ करत होतो. महिन्याभराची ताकद तीन दिवसांत. ती उठून बसणारच होती. मग धाकट्याला घाबरवून, रजा टाकायला लावून कशाला बोलवायचं? आल्यावर आई ठणठणीत, म्हणजे माझंच हसं. चौथ्या दिवशी पहाटे ती गेली. शास्त्रात चूक नव्हती, मीठ जरा लवकर पडलं.

वर लिहिलेलं वाचून लाज वाटली. खोडत नाही. खाडाखोड अशास्त्रीय.

१० मार्च, रविवार, सकाळी ७ (स्वयंपाकघरात)
धाकट्याची गाडी साडेआठला. सव्वाआठला निघालं की झालं. स्टेशनवर मीच जाणार, हिला आधीच बजावलंय. ही आणि लेक ब्रेड आणायला बाहेर. हिचा आणि माझा मोबाइल बाहेरच्या खोलीतल्या कपाटात. सूप उत्तम चाललंय. आज सगळं मार्गी लागणार.

१० मार्च, दुपारी ३
सव्वाआठला दार उघडलं तर धाकटा समोर. घामाने भिजलेला, हातात बॅग. सव्वाआठ म्हणजे खरे आठ पंचावन्न. घड्याळ मीच मागे केलं आणि मीच विसरलो. तो स्टेशनवर थांबला, पाच फोन केले, शेवटी चालत आला. कपाटात फोन सहाव्यांदा वाजत होता. त्याने कानाला लावलेला फोन बंद केला आणि विचारलं, लागत नव्हता का रे, दादा?

मी सूप वाढलं. त्याने सगळं संपवलं. मी त्याच्या तोंडाकडे बघत बसलो. चांगलंय म्हणाला. कुठेही गेला नाही, तिथेच खुर्चीत होता.

ही आणि लेक ब्रेड घेऊन आल्या. मग त्याने विचारलं, आई शेवटी काय बोलली? मला विचारलं. मला माहीत नव्हतं. ही म्हणाली, आदल्या संध्याकाळी दोनदा विचारलं त्यांनी, धाकटा निघाला का? मी त्यांना हो म्हटलं, निघालाय. हिने तसं सांगितलं, कारण मी हिला सांगितलं होतं, फोन केलाय.

आईने विचारलं, हे मला आज कळलं. ती विचारत होती तेव्हा मी पलीकडच्या खोलीत पातेलं ढवळत होतो. मी मुलगा तिचा, आणि मला तिच्या उशाशी बसायला सवड नव्हती.

मी म्हणालो, फोन मी लावलाच नव्हता. माहीत आहे, धाकटा म्हणाला. सुपाची वाटी स्वतः विसळली. लेकीच्या डोक्यावरून हात फिरवला. मग परतीची गाडी आज किती वाजता आहे, ते हिला विचारलं. मी सांगायला तोंड उघडलं होतं, पण तो हिच्याकडेच बघत थांबला.