चाकांची पफी

४ मार्च, मंगळवार

नाही, आत काही लपवलेलं नाही — दोनदा सांगितलं. तरी सूनबाईनं पफीचं झाकण उचलून पाहिलंच. दोन चादरी, इस्त्री, जुने चष्मे, कांदे.

"आई, कांदे?"

"त्यांना हवा लागते. तुझ्या घरात माणसांना लागत नाही तेवढी."

हसली. चांगली आहे पोरगी, टोमणा पचवते. ती पफीला ऑटोमन म्हणते. म्हण बाई काहीही. ह्यांनी केली तेव्हा ती पफीच होती. ह्यांचं सोफे-गाद्यांचं दुकान, गिऱ्हाइकांच्या उरलेल्या कापडांतून माझ्यासाठी केली. म्हणून चार बाजूंना चार घरांची कापडं! खाली चाकं. बसायला होते, ताट ठेवायला होते, पाय वर घ्यायला होते, कुणी आलं की खुर्ची होते. झाकण उलटं केलं की ट्रे. ह्या दोन खोल्यांत टेबल कधी आलंच नाही. लागलंच नाही.

जाता जाता तिनं विषय काढला. रविवारी नातीला घेऊन दोघं येणार. मी एकटी राहू शकते का, ते मुलगा बघणार. गेल्या महिन्यात न्हाणीघरात घसरले तेव्हाच म्हणाला होता, "आणखी एकदा पडलीस तर हे घर बंद. तू आमच्याकडे."

त्यांच्याकडे मला खोली आहे, पडदे आहेत, सगळं आहे. पण तिसऱ्यांदा चहा ठेवायचा तर आधी कुणाच्या तरी तोंडाकडे बघावं लागतं. इथं मी भांड्यांनासुद्धा शिव्या देते.

५ मार्च, बुधवार

घात झाला.

आंघोळ करून बाहेर आले, हात पुढे केला — पफी नाही. हात हवेत. दाराची कडी हाताला लागली म्हणून वाचले.

चादरी, चष्मे, कांदे सगळं पलंगावर नीट मांडलेलं. वर सूनबाईची चिठ्ठी. "आई, कापड फाटलं होतं. टेम्पोवाल्याला घेऊन आले होते. बाबांच्या जुन्या कारागिराकडे दिलीय. रविवारच्या आत नवी होऊन येईल. सरप्राइज!"

किल्ली देऊन ठेवली हीच चूक.

आता वहीत लिहायला काय हरकत आहे. पफीवर मी बसत नाही. मी ती ढकलते. पलंगापासून ओट्यापर्यंत, ओट्यापासून खिडकीपर्यंत. कमरेत वाकून, दोन्ही हात तिच्या कडेवर. इस्त्री आणि कांदे ओझ्याला — रिकामी असली की पुढे पळते. दार वाजलं की आधी कडी काढते, मग पटकन खुर्चीत बसून तिच्यावर पाय टाकते, महाराणीसारखी. वर्ष झालं. सगळ्यांना वाटतं, म्हातारीला पफीचं वेड आहे.

६ मार्च, गुरुवार

भिंत धरून ओट्यापर्यंत सतरा पावलं. मध्ये दोन पावलांचा मोकळा तुकडा. तिथं धरायला काहीच नाही. तीनदा उभी राहिले, तीनदा परत आले. सकाळचा चहा बारा वाजता.

मग खुर्ची ढकलून पाहिली. काय किंचाळते! खालच्या मजल्यावरचे मास्तर वर आले. "सामान हलवताय का?"

"नाही, नाचतेय."

तोंड बघण्यासारखं झालं बिचाऱ्याचं. ते गेल्यावर मात्र दाराला टेकून किती वेळ उभी होते. रविवारला तीन दिवस.

७ मार्च, शुक्रवार

भिंत. पाव. भिंत.

८ मार्च, शनिवार

खिळ्या पफी घेऊन आला. ह्यांच्या हाताखाली शिकलेला कारागीर. तोंडात खिळे धरून काम करतो आणि तसाच बोलतो, म्हणून ह्यांनी ठेवलेलं नाव. आता स्वतःच केस पिकवून बसलाय.

कापड हिरवं. झकास. पण हा काही जायला उठेना.

"वहिनी, एक विचारू?"

"नाही म्हटलं तर राहणार आहेस का?"

"बसायच्या जागचा फोम अजून टणक आहे. माणूस रोज बसला की तिथं खड्डा पडतो. तुमच्या पफीला खड्डाच नाही. कड मात्र दोन जागी झिजून आतलं लाकूड दिसायला लागलं होतं. दोन तळहात ठेवावेत एवढ्याच जागा."

"तू गादीवाला का पोलीस?"

"बसणाऱ्याची पफी अशी झिजत नाही, वहिनी."

मग विचारलं, "सूनबाईला सांगितलंस?"

"त्यांनी विचारलं कशानं झिजली. म्हटलं, उंदीर."

"माझ्या घरात उंदीर?" मी भडकलेच. मेल्या, दुसरं काही सुचलं नाही तुला?

मग त्यानं दाखवलं. कडेला आतून गोल लाकडी पट्टी बसवलीय, मुठीत बसेल अशी. वर कापड, बाहेरून कळणारसुद्धा नाही. तळाला लोखंडी पट्ट्या, म्हणजे कांद्यांची सुटका. चाकांना खटके — पायानं दाबलं की जागेवर थांबते. मला विचारलं नाही, कुणाला सांगितलं नाही.

"एवढं करून दिलंय," म्हणाला, "पण ही काठी नाही, वहिनी. पफी आहे." हे बोलताना तोंडातला खिळा काढून हातात घेतला होता.

९ मार्च, रविवार

जिंकले.

सगळं ठरवून केलं. ते यायच्या आधीच चहा उकळत ठेवला. आले तशी झाकण उलटं केलं, वर कप ठेवले आणि ओट्यापासून ढकलत निघाले. "बाजूला व्हा, गाडी येतेय!" मुलगा खो खो हसला. "आई, हॉटेल काढ." सूनबाई म्हणाली, "बघा, कसा वापर करतात! आम्ही नुसता शोभेला ठेवला असता."

खिळ्याच्या पट्टीवर मुठी घट्ट. वाकलेली पाठ कुणाला दिसली नाही. कप दिसले.

मग मुलगा म्हणाला, "जरा चालून दाखव ना, खिडकीपर्यंत."

"विकायला काढलेली गाय आहे का मी, चालवून बघायला?"

परत हसले. मी सुटले. मुलगा आत जाऊन न्हाणीघर बघून आला, भिंतीला दांडी लावू म्हणाला. मग माझ्या खांद्यावर हात ठेवला. "राहा बाई तू इथंच. आमच्यापेक्षा ठणठणीत आहेस."

आणि त्याच दमात — "उलट एक मदत कर. हिला सांभाळणारी बाई काल सोडून गेली. उद्या आठला हिला तुझ्याकडे सोडतो, संध्याकाळी नेतो. दुसरी मिळेपर्यंत."

हिला म्हणजे नातीला. दहा महिन्यांची. रांगते कसली, धावतेच.

सूनबाईच्या डोळ्यांत पाणी. "आई, तुमच्याशिवाय कुणावर विश्वास टाकणार?"

"आणा की," मी म्हटलं. तोंडातून गेलंच.

तेवढ्यात पोर पफीला धरून उभी राहिली. खटका दाबायचा राहिला होता. पफी सरकली, पोर मागे कलंडली. मुलानं एका ढांगेत जाऊन झेललं. मीही हात पुढे केले होते. खुर्चीत बसल्या बसल्या.

तिघं गेली. कप अजून पफीवरच आहेत.

१० मार्च, सोमवार

सहा वाजता मुलाला फोन केला. पोरीला आणू नकोस, म्हटलं. "का गं? तब्येत?"

सांगितलं. मी एकदाच पडले नाही. तीनदा पडले. तिसऱ्यांदा सकाळच्या चहापासून दिवे लागेपर्यंत फरशीवर होते, उठताच येत नव्हतं. तू फोन केलास तेव्हा बाजारात आहे म्हणाले, ते तिथूनच. वहीतसुद्धा लिहिलं नव्हतं. मग म्हटलं, काल पोर कलंडली तेव्हा मला खुर्चीतून उठता आलं नाही; घर बंद करायचं तर कर, पण तिला माझ्यावर सोडू नकोस.