पाठमोरी

आई, काल दुपारी तुझी पाठ पाहिली. आमच्या वेलचेरीच्या हॉलमध्ये, लॅपटॉपवर, हे बँकेत गेलेले असताना. तांबरमच्या एका कॉलेजात शिकवणारा तरुण आला होता. जुन्या मॉर्निंग शोच्या सिनेमांवर तो पुस्तक लिहितोय. ज्यांची पोस्टरं दिसली की तू माझी मान दुसरीकडे वळवायचीस, तेच सिनेमे. त्यात नटीच्या जागी ज्या बायका उभ्या राहायच्या, त्यांची नावं तो शोधत फिरतो. कोडंबाक्कमच्या स्टुडिओंतल्या कुण्या म्हाताऱ्या मेकअपमनने त्याला माझा पत्ता दिला. सीडी लावून तो बिचारा लाजला आणि स्वतःच खिडकीबाहेर बघत बसला. पडद्यावर एक बाई पाठमोरी उभी. ओली साडी खाली पडते, बाई दारापर्यंत चालत जाते, आणि मग एकदम नटीचा चेहरा. ती नटी आता मालिकांमध्ये कपाळभर कुंकू लावून सोवळी सासू होते. तिला त्याने विचारलं होतं, तर म्हणाली, "डूप होती कोणीतरी. नावं कोण लक्षात ठेवतं?"

मला ओळखायला वेळ लागला नाही. अप्पा गेल्यावर तू कामाला लागलीस, तेव्हापासून शुक्रवारी तेल लावून न्हायला बसलीस की पाठ चोळायचं काम माझं. शिकेकाईच्या पाण्याबरोबर नटीच्या कांतीशी जुळावा म्हणून तुला फासलेला गुलाबीसर रंग मोरीत ओघळायचा. सगळ्यांच्याच आया असा रंग सोडतात, असं मला वाटायचं. "जोरान घास ग, तेवढ्यान जात नाही ते," तू म्हणायचीस. एकदा मी शाळेत सांगून टाकलं की माझी आई सिनेमात आहे. ते तुझ्या कानावर आलं तेव्हा तू सांबाराला चिंचेचा कोळ काढत होतीस. त्याच हाताने थोबाडीत दिलीस. "शिवणाला जाते म्हणून सांग. मी मेल्यावरही तेच सांग." मग माझं तोंड धुतलंस आणि डब्यातला मैसूरपाक दिलास. शेवटपर्यंत तू तंजावरच्या नातलगांना ताकास तूर लागू दिली नाहीस. तू गेल्यावर इतकी वर्षं मीही शिवणाचंच सांगत आले, ह्यांनासुद्धा.

"ह्या त्याच का, आंटी?" त्याने विचारलं. "नाव मिळालं तर पुस्तकात घालीन. नाहीतर अज्ञात लिहावं लागेल." मला रडू यायला हवं होतं, निदान राग तरी. काहीच आलं नाही. कुकरची शिट्टी झाली, उठून गॅस बंद केला, परत येऊन बसले. अज्ञात म्हणूनच राहायला तुला आवडलं असतं, हे मला ठाऊक होतं. पुस्तक ह्यांच्या माणसांच्या हाती पडलं तर घरात काय होईल, तेही ठाऊक होतं. आणि तरी तुझं पूर्ण नाव मी सावकाश सांगितलं, त्याला नीट ऐकू गेलं नाही म्हणून पुन्हा सांगितलं. "रोंब थँक्स, आंटी," तो म्हणाला, "तुमच्या अम्मांना आज न्याय मिळाला." मी म्हटलं, कॉफी घेऊन जा. तो कॉफी पिऊन, सीडी माझ्याकडे ठेवून शेअर ऑटोने गेला.

हे पत्र कुठे टाकणार? टाकता आलं असतं तरी टाकलं नसतं. कसला न्याय नि कसलं काय, आई. नाव मी तुझ्यासाठी दिलंच नाही. मला ती सीडी हवी होती, आणि ओळख न देता कुठल्या तोंडाने मागणार? घरात तुझा एकच फोटो आहे, बसच्या पासवरचा मोठा करून घेतलेला. त्यात तू समोर बघत नुसती बसलेली असतेस. सीडीत तू चालतेस.