उडीआधी लिहिलेल्या नावाची दुरुस्ती

मी जगदेव रामराव गोटे, वय चोवीस, राहणार जऊळका, तालुका वाशिम, पलटणीत नोकरीला, आज पूर्ण शुद्धीत, कोणाच्या दडपणाखाली नसताना आणि डोकं बऱ्यापैकी थंड असताना हे लिहून ठेवतो. रजा संपली. बुधवारी आग्र्याला हजर व्हायचं आहे. तिथं पुन्हा विमानातून उड्या आहेत.

पहिलं. माझं आधीचं मृत्युपत्र रद्द समजावं. ते कोरियात, एकावन्नच्या मार्चात, उडीच्या आदल्या दिवशी साहेबांच्या हुकमानं लिहिलं होतं. वारसाच्या रकान्यात मी लिहिलं, "रुख्मिणी, बायको." रुख्मिणी शालिग्राम वानखडे माझी बायको नाही, कधी नव्हती. मी तिला विचारलंही नव्हतं. मरायचंच असेल तर लग्न होऊन मरावं, एवढंच तेव्हा मनात आलं.

हे पोटातच राहिलं असतं. पण रजेवर आल्यापासून पारावर मंडळी मला रोज लढाईच्या आठवणी सांगायला बसवत. आमची पलटण दवाखान्याची. छत्रीनं उतरलो तेही जखमींना उचलायला. हे ऐकून रुख्मिणीचे वडील शालिग्रामकाका हसले, "मंजे येवढ्या दूर जाऊन तू हमालीच केली काय रे?" माझं डोकं फिरलं. मरण किती जवळून पाहिलं हे दाखवायच्या भरात मृत्युपत्राची गोष्ट नावासकट सांगून टाकली. आठ दिवसांत रिसोडला जमलेलं तिचं लग्न मोडलं. म्हणून सर्वांसमक्ष लिहितो : चूक माझी, तिला कोणी बोल लावू नये. हा कागद रिसोडला दाखवायला माझी हरकत नाही. हरकत आहे, पण दाखवावा.

दुसरं. कोरियातून आणलेलं लोकरीचं ब्लँकेट माय गोजराबाईला. तिनं ते पेटीत न ठेवता पांघरावं. माझ्या वाट्याचं वावर बाबांना. उतरताना खाली वाळलेली भातखाचरं दिसली तेव्हा हेच वावर आठवलं आणि टेकताना जुळवायला शिकवलेले पाय आपोआप जुळले. सायकल आणि पुस्तकं तांड्यावरचा दोस्त मदनसिंग याला. मी इंटरच्या वर्षी प्राध्यापकाशी भांडून कॉलेज सोडलं, त्यानं पुरं करावं. माझे पलटणीचे बूट शालिग्रामकाकांना. ते घालून, एक माणूस पाठीवर घेऊन नाल्यापर्यंत चालावं, मग हमाली म्हणावं.

तिसरं. पॅराशूटच्या कापडाचा तुकडा आणि पोस्टातली सगळी शिल्लक रुख्मिणीला, झालेल्या नुकसानीबद्दल.

इथवर लिहून आज दुपारी काकांच्या ओसरीवर वाचून दाखवलं. रुख्मिणी दारातून म्हणाली, "साक्षीले कोन हाये?"

मदनसिंग म्हणाला, "एक मी. अजून एक पाह्यजे."

"मंग मी करते सही."

मी म्हटलं, "अवं, घेनाऱ्यानं साक्ष नाई द्या लागत. तुले काईच भेटनार नाई."

"नाईच पाह्यजे मले. मेल्यावर सारं देतं, अन् जित्तेपनी एक गोठ इचारत नाई. कसा रे तू!"

मी तिथंच विचारलं, तिच्या बापासमोर.

काका उठून आत गेले, दौत-टाक घेऊन आले आणि तिच्यापुढं ठेवले.

सबब तिसरं कलम खोडलं आहे. ती शिल्लक मला परत आल्यावर लागेल.

साक्षीदार :
१. मदनसिंग लखीराम राठोड, राहणार तांडा, जऊळका
२. रुख्मिणी शालिग्राम वानखडे, सही स्वहस्ते

लिहून देणार : जगदेव रामराव गोटे
जऊळका, शनिवार, १२ जून १९५४