काट्यांचं फाटक

प्रिय कवडूस,
श्रावणदादाचा सप्रेम जयभीम.

तीन वर्षांनी लिहितो आहे, माफ कर. विरुद्ध पार्टीला पत्र टाकू नका, असं वकीलबाईंनी बजावलं आहे, तरी लिहितो.

तुझ्या वावराकडे जाणारा माझ्या शेताच्या धुऱ्यावरचा, बांधालगतचा रस्ता मोकळा ठेवा, असा कोर्टाचा निकाल आहे. दिवसभर मी तो मोकळाच ठेवतो. फक्त संध्याकाळी रानडुकरं येतात म्हणून बोरीच्या काट्यांचं फाटक ओढून घेतो. तू त्याचाच फोटो कोर्टात दिलास आणि माझ्या नावाचं अटक वॉरंट निघालं.

ते रद्द व्हावं म्हणून अर्ज केला आहे. वकीलबाईंनी विचारलं, "बाबा, तुम्ही मुद्दाम अडवलं नाही, हे सांगणारा साक्षीदार आहे का?"

मी म्हटलं, "एकच हाये. त्यानंच केस केली."

आठवतं, आपण दोघं दोन बाजू धरून ते फाटक ओढायचो? तुझ्या तळव्यात मोडलेला काटा मी दातानं काढला होता. एकदा विसरलो, तर बाबा ओरडले, "फाटक काऊन नाई लावलं रे? डुकरं तुमचे मामा हायेत का?" आई आठवडाभर बाबांशी बोलली नाही.

सोमवारी तारीख आहे. मला जेलची भीती वाटते. तिथे बीपीची गोळी वेळेवर मिळते का, कोणाला विचारू? ते फाटक आपल्या बाबांचं आहे, एवढंच तू जजसाहेबांना सांग.

चार दिवस मी ते रात्रीही उघडंच ठेवलं. काल डुकरं तुझ्या हरभऱ्यात शिरली. आता फाटक लावू की नको, तेवढं तरी लवकर कळव.

तुझा दादा,
श्रावण
तळेगाव