मागच्या खोलीतली घंटा

तीर्थस्वरूप दादास,

धाकटीचा नमस्कार. (साष्टांगच घालणार होते, पण रागाने अंग एवढं ताठ झालंय की वाकवत नाही.) तुझी प्रकृती, वहिनींचा गुडघा आणि तुझी खुर्ची, तिन्ही ठणठणीत असतील अशी आशा आहे. मुलांना आशीर्वाद. आता मुद्द्यावर येते, कारण मुद्दा माझ्या दारात हातोडा घेऊन येऊन गेला.

देवाने अक्कल वाटली त्या दिवशी तुमच्या कायदा-प्रारंभ कचेरीला सुट्टी असावी. आपल्या गावात वेळ सगळीकडे सारखी चालत नाही, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. बाजारगल्लीत पापणी लवते तोवर दुपार संपते, आणि आमच्या दुकानामागच्या खोलीत एक कप चहा पिऊन बाहेर यावं तर दिवस मावळलेला. (मागे आईची वेणी घालायला गेले आणि बाहेर आले, तर गिऱ्हाइकाचं लग्न आटोपलेलं आणि नवरदेवाचा कोट माझ्याच मशीनवर!) म्हणून तर आईला तिथे ठेवलंय. डॉक्टर म्हणाले होते, थोडे महिने. ते थोडे महिने आम्ही तिथे पुरवून पुरवून वापरतोय, दादा. आणि तुम्ही कायदा काढता की कुठलीही खोली गावच्या घड्याळाच्या मागे राहायची नाही. राहिली तर भिंत पाडून बाहेरची वेळ आत सोडायची. भिंत पडली की आईचे महिने म्हणजे नुसते महिनेच. हे कळायला साहेब व्हावं लागत नाही. साहेब झाल्यावरच कळेनासं होत असावं.

बरं, करा कायदा, पण तो सुरू कधी झाला हे तरी धड सांगा. तुमची पद्धत अशी की शिपायाने जागेवर जाऊन पितळी घंटा वाजवायची, आवाज पुरता विरेपर्यंत तिथेच उभं राहायचं, आणि विरला की त्या जागी कायदा लागू. तुमच्या शिपायाने काय केलं? आधी दुकानात वाजवली, मग मागच्या खोलीच्या उंबऱ्यावरून हात आत घालून एक टोला हाणला आणि चालता झाला. (त्याला पुढे बाजारगल्लीत जायचं होतं. तिथे उशिरा पोचलं तर कायदाच जुना झालेला असतो म्हणे.) त्याच्या पाठोपाठ गवंडी हजर. आता दुकानात कायदा लागू, आणि खोलीत घंटा भुंग्यासारखी घुमतेच आहे! बिचारा एक पाय आत, एक बाहेर, हातोडा उगारून उभा. बाहेरच्या पायाला मुंग्या आल्या, आतल्याला पत्ताच नाही. शेवटी मीच त्याला दंडाला धरून बाहेर ओढला आणि कात्री दाखवून वाटेला लावला.

मग मी तुमच्या कचेरीत. हरकतीच्या खिडकीतला कारकून नखं कापत म्हणाला, मुदत काल संपली, कालच्या खिडकीत जा. गेले. जिन्याखाली आहे ती, तिथे अजून कालच चालू असतो. रांगेत पाय मोडून घेतले, नंबर लागला, तर आतली बाई म्हणते, काल सुट्टी होती. मी टेबलावर असा हात आपटला की दौत लवंडली, तर म्हणते कशी, ही शाई उद्याच्या खिडकीतून पुसून घ्या! एवढ्या खेपा घालून पदरात पडलं ते इतकंच: घंटेवरून तंटा झाला तर ती पुन्हा वाजवायला साहेबांना जातीने यावं लागतं. आमच्या भागाचे साहेब कोण, ते पाटीवर वाचलं. आडनाव ओळखीचं निघालं.

आणि आमच्या खोलीची तक्रार करणारा कोण, तर शेजारचा चष्मेवाला. अर्ज त्याच्याच अक्षरात आहे, मी पाहिला. त्याच्याशी गल्ली गोळा होईपर्यंत भांडले, सात पिढ्यांचा उद्धार केला. तो नुसता चष्मे पुसत राहिला. तर साहेब, तो कायदा तुमच्या खुर्चीखाली घाला, आणि आमच्या भिंतीला हात लावाल तर याद राखा.

तुझी (अजून तरी) बहीण,
धाकटी

ता. क. चष्मेवाल्याची माफी मागून आले. त्याने अर्ज फक्त लिहून दिला होता, त्यापायी दिवसभर त्याचं दुकान बंद राहिलं. मजकूर सांगणारी आई. मी कोट पोचवायला गेले होते तेव्हा तिने त्याला आत बोलावून घेतलं. मी तिच्यावर ओरडले. (आजारी माणसावर ओरडू नये, माहीत आहे.) ती म्हणाली, "मुलगा म्हणून यायला त्याला सवड नाही. साहेब म्हणून तरी येईल."

पुन्हा ता. क. तिच्या हिशेबाने तू गेल्याच महिन्यात येऊन गेलास. पण परवा वेणी घालताना माझे पांढरे केस तिला दिसले आणि तिने धसका घेतला. विचारत होती, दादाचेही पिकले का गं? म्हणाली, "माझं काय, मी आहे इथे. त्याचंच वय भराभर संपत चाललंय."

शेवटचा ता. क. ये. शिपायाची ती टिनपाट घंटा आणू नकोस, कचेरीच्या दारावरची भली थोरली आण. ती म्हणे एक कप चहा पिऊन होईपर्यंत घुमते. वाजवणाऱ्याने तोवर जागचं हलायचं नाही, हा तुमचाच नियम. चहा संपला की हाताने दाबून टाक. पुरती विरली नाही तर कायदा लागू होत नाही, हाही तुमचाच. बाहेर तुझा एक दिवस जाईल, जाऊ दे. आधण मी ठेवलंय.